वाळवंटांतील फुलझाडें आणि त्यांचें पाणी

नोकरीनिमित्त जोधपूरला गेलेलें आपल्याकडील कुटुंब बंगल्यांत सामान लावून झालें कीं पुढच्या अंगणांत दोनचार फुलझाडें लावतें आणि रोज सायंकाळीं त्यांना पाणी घालूं लागतें. तेथील वास्तव्यांत हीं दोन्ही कामें मींही मोठ्या निष्ठेनें केलीं. पहिल्या वर्षीं माझा बहावा पानांनीं भरून आला. दुसऱ्या वर्षीं मे महिन्यांत मी आठच दिवस परगांवीं गेलों आणि परत येऊन पाहतों तों झाड उभेंच्या उभें वाळलेलें! शेजारच्या वृद्ध माळ्यानें तें उपटून दाखविलें. मुळें सारीं वीतभर खोलीच्या आंत, जमिनीच्या तोंडाशीं जमलेलीं होतीं. "बाबूजी, तुम्ही याला रोज वरच पाणी पाजलेंत. मग यानें खालीं कशाला जावें?" असें तो म्हणाला. त्याच्या या साध्या प्रश्नांत वाळवंटांतील बागकामाचें सारें शास्त्र सांठविलेलें आहे.

थरच्या वाळवंटांत जैसलमेरला वर्षाकांठीं वीस सेंटिमीटरच्या आंतबाहेर आणि जोधपूरला सुमारें ३५ सेंटिमीटर पाऊस पडतो, तोही बहुतेक जुलै ते सप्टेंबर या तीन महिन्यांत. मुंबईचा पाऊस २०० सेंटिमीटरांहून अधिक असतो, हें ध्यानांत घेतलें म्हणजे फरक कळून येईल. उष्णतेचें म्हणाल, तर जोधपूरच्या उत्तरेकडील फलोदी येथें १९ मे २०१६ रोजीं पारा ५१ अंशांपर्यंत चढला होता. अशा दिवसांत उघड्या हौदांतून दररोज सेंटिमीटरभर पाणी सहज उडून जातें.

आतां थोडा हिशेब पाहूं. एक चौरस मीटरच्या आळ्यांत दहा लिटर पाणी ओतलें, तर त्याचा थर एक सेंटिमीटर उंचीचा होतो. रेताड जमिनींत तें फार तर दहा सेंटिमीटर खोल मुरतें, आणि दुसऱ्या दिवशींच्या उन्हांत त्यांतील पुष्कळसें हवेंत परत जातें. झाडाच्या वांट्याला थोडें येतें आणि मुळें त्या उथळ ओलीशींच घुटमळत राहतात. शिवाय त्या भागांतील विहिरींचें पाणी बहुधा मचूळ असतें. पाणी उडून गेलें तरी क्षार मागें राहतात आणि मुळांपाशीं सांचतात. मग पानांच्या कडा करपूं लागतात. घरधनी समजतो कीं झाड तहानलें आहे, आणि आणखी एक झारी ओततो!

यावर उपाय असा कीं पाणी क्वचित् द्यावें, पण द्यावयाचें तेव्हां भरपूर द्यावें. ओल पाऊण मीटर खोल गेली पाहिजे. वरच्या हिशेबानें त्यास चौरस मीटरला सुमारें ७५ लिटर पाणी लागेल. लोखंडी सळई जमिनींत दाबून पाहावी. ओली माती तिला वाट देते, कोरडी माती अडविते. असें खोल पाणी सांचलेल्या क्षारांनाही मुळांच्या खालीं लोटतें. नव्या रोपास पहिला महिना तिसऱ्या दिवशीं, पहिल्या उन्हाळ्यांत आठवड्यानें, दुसऱ्या उन्हाळ्यांत पंधरवड्यानें, असें अंतर वाढवीत न्यावें. आळें बुंध्याशीं करूं नये. दुपारची सावली जेथें संपते तेथें तें वर्तुळाकार असावें आणि झाडाबरोबर दरवर्षीं रुंदावावें. वेळ पहांटेची उत्तम. आळ्यावर पालापाचोळ्याचा किंवा खडीचा सातआठ सेंटिमीटरांचा थर पसरावा. मात्र तो बुंध्याला लागूं देऊं नये. लहान रोपाशेजारीं मातीचें मडकें गळ्यापर्यंत पुरून भरून ठेवलें, तर त्यांतून पाझरणारें पाणी थेट मुळांना मिळतें.

झाड लावण्यापूर्वीं एक परीक्षा अवश्य करावी. खड्डा पाण्यानें भरून ठेवावा. दुसऱ्या दिवशीं पाणी तसेंच असेल, तर खालीं चुनखडीचा कठीण थर आहे असें समजावें आणि पहारीनें तो फोडावा. नाहीं तर ऐन वाळवंटांत झाडाचीं मुळें पाण्यानें कुजतील. लागण पहिल्या चांगल्या पावसानंतर करावी. खत भर उन्हाळ्यांत घालूं नये. हिंवाळ्यांत पाण्याची गरज फार कमी. परंतु बिकानेर-चुरूकडे रात्रीं पारा कधीं कधीं शून्याखालीं जातो, तेव्हां आदल्या दिवशीं जमीन भिजवावी. ओली जमीन दिवसाची ऊब अधिक धरून ठेवते.

जें अंगणांत घडतें तेंच मोठ्या प्रमाणावर त्या प्रदेशांतही घडलेलें आहे. १९२७ सालीं गंगा कालव्यानें सतलजचें पाणी बिकानेर संस्थानांत आलें. १९५८ सालीं काम सुरू झालेल्या राजस्थान कालव्यानें, म्हणजे आजच्या इंदिरा गांधी कालव्यानें, पाणी जैसलमेरपर्यंत पोंचविलें. ओसाड रानांत शेतें डोलूं लागलीं. परंतु जेथें खालीं अभेद्य थर होता, तेथें जादा पाणी तुंबून जमिनी पाणथळ आणि खारवट झाल्या.

म्हणून झाडाची निवडही विचारानें करावी. मादागास्करहून आलेला गुलमोहर देखणा खरा, पण थंडीनें तो गारठतो आणि वाऱ्यानें त्याच्या फांद्या मोडतात. बोगनवेल थोडी कोरडी ठेवली तरच भरभरून फुलते. आणि त्या मातीचा स्वतःचा रोहिडा तर आहेच. 'मारवाडचा साग' म्हणून नांवाजलेला हा वृक्ष सावकाश वाढतो. पण हिंवाळा सरतां सरतां पिवळ्या, नारिंगी, तांबड्या फुलांनीं असा पेटून उठतो कीं भोंवतालचें रखरखीत रान विसरावें. १९८३ सालीं राजस्थानानें त्याच्या फुलाला राज्यपुष्पाचा मान दिला. एकदां मूळ धरलें कीं त्याला आपल्या पाण्याची फारशी गरज राहत नाहीं.

बहाव्याच्या जागीं मीं पुढें रोहिडाच लावला. त्याच्या आळ्याशीं झारी घेऊन रोज जाण्याचा मोह मला पुष्कळदां झाला. पण सळई खोंचून पाहावी आणि हात आवरावा, असें मीं ठरवून टाकलें होतें. ज्या गांवीं पिढ्यान् पिढ्या पावसाचें पाणी टांक्यांत सांठवून लोट्या-लोट्यानें वापरलें गेलें, तेथें झाडाचें पाणीही मोजूनच द्यावयास हवें. त्यांत पाण्याची बचत आहे, आणि झाडाचें हितही त्यांतच आहे.