पेढीवरची त्याची जागा

बाजारपेठेतील शाखेचा मी व्यवस्थापक असतानाची ही घटना. कापडाच्या एका पेढीचे थोरले बंधू माझ्यासमोर येऊन बसले आणि हलक्या आवाजात म्हणाले, "साहेब, धाकट्याची सही खात्यावरून काढायची आहे." धाकटे दोनच दिवसांपूर्वी मनोरुग्णालयातून घरी परतले होते. सर्व भागीदारांच्या सह्या लागतील, असे मी नियमानुसार सांगितले. दुसऱ्या दिवशी धाकटे स्वतः आले, निमूटपणे अर्जावर सही केली आणि मला विचारले, "साहेब, उद्यापासून मी दुकानात करायचे काय?" माझ्याजवळ उत्तर नव्हते.

निवृत्तीनंतर या विषयाचे वाचन करताना त्या प्रश्नाचे मोल उमगले. रुग्णालयात आजार आटोक्यात येतो. माणूस सावरतो तो घरी, ठरलेल्या दिनक्रमात आणि झेपेल एवढ्या कामात. आरंभी झोप अधिक येते, हात थरथरतो, लक्ष टिकत नाही. हे पुष्कळदा औषधांमुळे असते. त्याला आळस समजू नये. प्रथम दोन तास मालाच्या नोंदीचे काम द्यावे. मग गिऱ्हाईक, मग वसुली.

बरे वाटू लागताच औषध सोडणे, हे आजार उलटण्याचे मोठे कारण. आपल्या घरांत आणखी एक अडचण येते. चौविहार पाळणाऱ्याची रात्रीची गोळी चुकते. उपवासात शरीरातील पाणी कमी झाले, तर लिथियम घेणाऱ्याच्या रक्तातील औषधाचे प्रमाण धोकादायक पातळीपर्यंत वाढू शकते. म्हणून पर्युषणापूर्वीच डॉक्टरांशी बोलावे. पच्चक्खाण घेताना महाराजसाहेबांनाही आजार मोकळेपणाने सांगावा.

मानसिक आरोग्य सेवा कायदा, २०१७ नुसार न्यायालयाने तसे ठरविल्याखेरीज, केवळ आजाराच्या निदानावरून कोणीही विकल मनाचा मानला जात नाही. शारीरिक आजारांप्रमाणेच मानसिक आजारांनाही विम्याचे संरक्षण देण्याची तरतूद त्यात आहे. घरच्यांना सल्ला हवा असल्यास 'टेली मानस'चा १४४१६ हा निःशुल्क क्रमांक अहोरात्र उपलब्ध असतो.

व्यवहाराची काळजी खरीच असेल, तर सही काढण्याऐवजी काही महिने खाते दोघांच्या संयुक्त सह्यांनी चालविता येते. भागीदाराचा मान राहतो आणि पेढीही सुरक्षित राहते. त्या दिवशी थोरल्या बंधूंना एवढे सुचविणे माझे काम होते. मी फक्त अर्ज पुढे केला.