कोठारासह निघालेला कारभारी

नांदेड-लातूरच्या मोंढ्यात गाडी लागली की हमाल, मापाडी आणि वहीवर मान घातलेला दिवाणजी हे दृश्य ठरलेलेच. सुमारे चार हजार वर्षांपूर्वी इजिप्तच्या एका मोठ्या अधिकाऱ्याने हेच दृश्य लाकडात घडवून आपल्या थडग्यात ठेवविले होते.

त्याचे नाव मेकेत्रे. दुसऱ्या मेंतुहोतेप राजाच्या काळात तो राजकोशाच्या कारभारात वर चढला. आजच्या लुक्सॉरजवळच्या डोंगरातील त्याचे थडगे चोरांनी पूर्वीच धुऊन नेले होते. १९२० मध्ये न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन संग्रहालयाचे हर्बर्ट विनलॉक केवळ नकाशा काढण्यासाठी तेथे साफसफाई करवीत असता, दगडाचा चुरा एका फटीत ओघळताना मजुरांना दिसला. आत एक लपविलेली कोठडी निघाली आणि तीत लाकडी माणसांची गर्दी : नावा, विणकरांचा माग, सुतारशाळा, भटारखाना. कसाईखानाही होता, तो आपल्या वाचकांनी डोळ्याआड करावा.

खरे पाहण्याजोगे आहे ते धान्याचे कोठार. पोती वाहणारी माणसे सहा. धान्य मोजणारी आणि त्याची नोंद करणारी मिळून नऊ! परलोकात धान्य लागेल, हे कोणालाही सुचेल. पण तेथेही हिशेब लागेल, हे कारभाऱ्यालाच सुचावे. चोरांनी मौल्यवान तेवढे नेले, लेखनिक मात्र जागच्या जागी बसून राहिले. आज हे कोठार न्यूयॉर्कच्या त्या संग्रहालयात आहे.

महाराष्ट्रात याच्या जवळचे उदाहरण पुणे जिल्ह्यात घोड नदीकाठी इनामगावला सापडते. डेक्कन कॉलेजने १९६८ पासून अनेक वर्षे तेथे उत्खनन केले. वस्ती तीन हजार वर्षांहून जुनी. मृतांना घरातच, उत्तरेकडे डोके करून पुरीत आणि बहुधा अन्नपाण्याची म्हणून भांडी शेजारी ठेवीत. प्रौढांची पावले पुरण्यापूर्वी घोट्याखाली तोडीत. मृताने परतून येऊ नये, असा त्याचा अर्थ लावतात.

एक पुरुष मात्र वेगळा. वस्तीच्या मध्यभागी पाच खोल्यांचे घर, लगत धान्याचे कोठार. त्या घराच्या अंगणात चार पायांच्या मोठ्या मृत्पात्रात त्याला मांडी घालून बसविलेले होते आणि त्याची पावले शाबूत होती. जणू याला परतण्याची मुभा होती. गावाचा प्रमुख तोच असावा, असे अभ्यासक मानतात. सोने नाही, रत्ने नाहीत. जवळ कोठार आहे, एवढाच त्याच्या सत्तेचा पुरावा.

ते धान्य त्याचे स्वतःचे, की गावाकडून वसूल केलेले? मेकेत्रेच्या दारात नोंद घेणारे बसले होते. इनामगावात लिपीच नव्हती. कोठारात कोणी किती माप घातले, कोणाला किती परत मिळाले आणि त्या मृत्पात्रात बसलेल्या गृहस्थाचे नाव काय, हे कोठेच लिहिले गेले नाही.