पंचवीस लाखांच्या कर्जाचे बावन्न लाख

घर घ्यायला निघालेला माणूस बिल्डरला पहिल्यांदा किंमत विचारतो. बँकेत पोहोचेपर्यंत किंमत मागे पडते आणि ‘हप्ता किती बसेल?’ एवढाच प्रश्न उरतो. किराणा, मुलांची फी, गावाकडे पाठवायचे पैसे वजा करून जे हातात राहते त्यात हप्ता बसला की घर परवडले. स्टीलच्या कारखान्यातला सुपरवायझर, बियाणे कंपनीतला कर्मचारी, जिल्हा परिषदेचे गुरुजी आणि मोसंबीचे बागायतदार एकाच कॉलनीत शेजारी राहतात अशा जालन्यात मी हा हिशेब अनेक घरांत ऐकला आहे. त्यात मुदतीची चौकशी क्वचितच होते. घर शेवटी कितीला पडणार हे मात्र सगळ्यात जास्त मुदतीवरच ठरते.

उदाहरणाला २५ लाखांचे कर्ज घेऊ. व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे. महिन्याचा हप्ता येतो साधारण २१,६९६ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज ५२ लाख ७ हजार. म्हणजे २७ लाख व्याज, मुद्दलापेक्षाही जास्त.

ही रक्कम कशी जमते ते पहिल्या हप्त्यातच दिसते. त्यातले १७,७०८ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल फिटते ३,९८८ रुपयांचे. पुढच्या महिन्यात व्याज अठ्ठावीस रुपयांनी उतरते, तेवढेच मुद्दल जास्त फिटते. हे इतके सावकाश चालते की पाच वर्षांत १३ लाख भरल्यावरही कर्ज २२ लाखांच्या वर शिल्लक असते. अर्धे मुद्दल फिटायला चौदावे वर्ष उजाडते. पाच-सहा वर्षांनी घर विकायला किंवा कर्ज दुसऱ्या बँकेत न्यायला निघालेली माणसे शिल्लक रक्कम पाहून हबकतात. बँकेने काही लबाडी केली असा त्यांचा समज होतो. लबाडी नसते. व्याज शिल्लक रकमेवर लागते आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, एवढेच.

आपल्याकडे दामदुपटीचा नियम जुना आहे. एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असू नये, हे धर्मशास्त्रातले तत्त्व इंग्रजी अमदानीत मुंबई इलाख्यातली न्यायालये मानत असत. जालना तेव्हा निजामाच्या राज्यात होता, पण हा शब्द इकडच्या जुन्या माणसांनाही परका नाही. मग बँकेच्या व्याजाला हा नियम कसा अडवत नाही? कारण तो थकून साचलेल्या व्याजाला लागतो. गृहकर्जाचे व्याज दरमहा भरले जाते, ते साचतच नाही. म्हणून २० वर्षांत दामदुप्पट देऊनही कुणी तक्रार करू शकत नाही. ही राखण आता आपली आपणच करायची आहे.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. आजचे २१ हजार आणि वीस वर्षांनंतरचे २१ हजार सारखे नसतात. महागाई वर्षाला पाच टक्के धरली तर आजच्या रुपयाची किंमत तेव्हा ३८ पैशांच्या आसपास असेल. पगार वाढतो, घरभाडेही वाढते, हप्ता मात्र दर बदलला नाही तर तेवढाच राहतो. त्यामुळे ‘२७ लाख पाण्यात गेले’ असे म्हणून घरच न घेणे हा काही शहाणपणा नाही. माझे म्हणणे इतकेच की जी मुदत आपण सहीच्या वेळी न वाचताच मान्य करतो, ती निवडण्याची गोष्ट आहे. तेच २५ लाख १५ वर्षांत फेडले तर हप्ता २४,६१९ होतो, म्हणजे महिन्याला २,९०० रुपये जास्त, आणि व्याज १९ लाख ३१ हजारांवर येते. मुदत ३० वर्षांची केली तर हप्ता अडीच हजारांनी हलका होऊन १९,२२३ वर येतो, पण व्याज ४४ लाखांवर जाते. ‘मुदत वाढवा, आराम पडेल’ हा सल्ला देणारे भरपूर भेटतात. त्या आरामाचे सतरा लाख होतात, हे त्यांच्यातला क्वचितच कुणी सांगतो.

आणि मुदत एकदा ठरली म्हणजे ठरली, असेही नाही. बहुतेक गृहकर्जे बदलत्या दराची असतात. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या मापदंडाला जोडावी लागतात. (गृहवित्त कंपन्यांवर हे बंधन नाही; त्या आपला दर स्वतः ठरवतात. कर्ज कुणाचे घेतो आहोत हे पाहण्याचे हे एक कारण.) करोनाच्या काळात रेपो दर ४ टक्क्यांवर होता आणि पावणेसात टक्क्यांच्या आतबाहेर गृहकर्ज मिळत होते. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने दर वाढवायला सुरुवात केली आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत तो साडेसहावर नेला. अडीच टक्के वाढ, तीही वर्षाच्या आत.

त्याचा परिणाम आकड्यांत पाहू. २५ लाख, ६.७ टक्के, २० वर्षे, हप्ता १८,९३५. दोन वर्षांनी शिल्लक २३ लाख ७३ हजार. तेव्हा दर एकदम ९.२ टक्के झाला असे धरा. आता महिन्याचे नुसते व्याजच १८,१९० रुपये. हप्ता वाढवला नाही तर मुद्दलाकडे महिन्याला जेमतेम साडेसातशे रुपये जातात आणि उरलेली १८ वर्षांची मुदत ३५ वर्षांची होते. कर्जदाराचे निवृत्तीचे वय आडवे येत असल्याने बँका इतकी मुदत सहसा देत नाहीत. त्या मुदत शेवटच्या टोकापर्यंत ताणतात आणि उरलेला भार हप्त्यावर टाकतात. मुदत १८ वर्षांचीच ठेवायची असेल तर हप्ता २२,५१५ करावा लागतो. साडेतीन हजारांची ही ओढाताण टाळायची किंमत, दर तसाच राहिला तर, तीस लाखांच्या वर जाते. आणि हा बदल खात्यात होऊन जातो. हप्ता तेवढाच कापला जात असल्याने घरात कुणाला पत्ताही लागत नाही.

याच अनुभवातून १८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढले. दर बदलला की हप्त्यावर किंवा मुदतीवर काय परिणाम होतो ते बँकेने कळवायचे, आणि हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारायचे. दर तिमाहीला एक विवरणही द्यायचे: आजवर किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झाले, हप्ता किती, किती हप्ते उरले. हे विवरण मोबाइलवर किंवा ईमेलवर येते आणि बहुतेकांकडे न उघडता पडून राहते. त्यातला ‘उरलेले हप्ते’ हा एकच आकडा पाहिला तरी पुरे. मागच्या तिमाहीपेक्षा तो तीनने कमी झालेला नसेल तर बँकेत जाऊन का ते विचारावे. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते जून या काळात रेपो दर एका टक्क्याने उतरला. दर उतरतो तेव्हा हप्ता कमी करून न घेता तोच चालू ठेवला, तर वाढलेली मुदत परत आटोक्यात येते.

हप्ता सुरू होण्याआधीच्या खर्चाचाही हिशेब करायला हवा. तीस लाखांपर्यंतच्या कर्जात घराच्या किमतीच्या ९० टक्क्यांपर्यंत रक्कम मिळू शकते, पण दहा लाखांवरच्या घरात मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च त्या किमतीत धरत नाहीत. ते रोख उभे करावे लागतात आणि त्यासाठी सोने गहाण पडते किंवा पतसंस्थेकडे जावे लागते. खरेदी महिलेच्या नावावर असेल तर राज्यात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलत आहे; ती जरूर घ्यावी. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटी लागतो. ४५ लाखांच्या आतल्या आणि जालन्यासारख्या शहरात ९० चौरस मीटर चटईक्षेत्रापर्यंतच्या घराला तो १ टक्का, त्यावरच्याला ५ टक्के.

सगळ्यात महाग पडतो तो कर्जात घातलेला विमा. कर्जासोबत एकरकमी हप्त्याची पॉलिसी घ्यायला लावतात आणि ती रक्कम कर्जातच जोडतात. एक लाखाचा हप्ता असा जोडला की २० वर्षांत त्याचे दोन लाख आठ हजार भरले जातात. कर्जदाराच्या पश्चात घरच्यांवर बोजा राहू नये म्हणून विमा हवाच, याबद्दल दुमत नाही. पण साधा मुदतीचा विमा वेगळा घ्यावा आणि वर्षाच्या वर्षाला भरावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या प्रत्येक नव्या किरकोळ कर्जाला बँकेने मुख्य तथ्यांचे पत्रक देणे बंधनकारक आहे, तेही कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत. शुल्के धरून वर्षाचा खरा दर किती आणि प्रत्येक हप्त्यात मुद्दल-व्याज किती, हे त्यात असते. पत्रकात नसलेले शुल्क कर्जदाराच्या स्पष्ट संमतीशिवाय घेता येत नाही. हे पत्रक मराठीत मागायचा हक्क आहे आणि तो प्रत्येकाने बजावावा असे मला मनापासून वाटते. दोन बँकांमध्ये तुलना करायची तर जाहिरातीतल्या दराची नको, या पत्रकातल्या खऱ्या दराची करावी.

जालन्यातल्या अनेकांची अडचण मात्र याच्याही अलीकडची आहे. त्यांना बँक दारातच उभे करत नाही, कारण प्लॉट गुंठेवारीचा. शेतजमिनीचे तुकडे पाडून विकलेले, अकृषिक परवानगी नसलेले, नुसत्या बाँडपेपरवर हातोहात फिरलेले हे प्लॉट मराठवाड्यातल्या प्रत्येक शहराच्या कडेला आहेत. अशा जागेवर राष्ट्रीयीकृत बँका बहुधा कर्ज देत नाहीत. मग खासगी फायनान्स कंपनी गाठावी लागते आणि ती जोखमीचा दर लावते. दहा लाखांचे कर्ज १५ वर्षांसाठी साडेआठ टक्क्यांनी मिळाले तर एकूण १७ लाख ७३ हजार फेडावे लागतात. १३ टक्क्यांनी मिळाले तर २२ लाख ७७ हजार. कागद पक्का नसल्याची किंमत पाच लाख. गुंठेवारीचा कायदा २००१ चा आहे, आणि २०२१ मधल्या दुरुस्तीने ३१ डिसेंबर २०२० पर्यंतची बांधकामे नियमित करण्याची वाट मोकळी झाली. २०२३ मध्ये जालन्याची महानगरपालिका झाली, तेव्हा हे काम आता तिच्याकडे. नियमितीकरणाचे शुल्क जड वाटते, चकरा माराव्या लागतात हे खरे. पण ते शुल्क या पाच लाखांशेजारी ठेवून पाहावे, आणि शक्यतो कर्ज काढण्याआधीच ते काम उरकावे.

काही ठिकाणी दर ‘फ्लॅट’ सांगतात, तिथे विशेष सावध राहावे. पाच लाखांवर आठ टक्के फ्लॅट, दहा वर्षे, म्हणजे व्याज चार लाख आणि हप्ता साडेसात हजार. ऐकायला बँकेपेक्षा स्वस्त. पण मुद्दल फिटत गेले तरी व्याज शेवटपर्यंत पूर्ण पाच लाखांवरच मोजलेले असते. घटत्या शिलकीवर हा दर तेरा टक्क्यांच्या पुढे जातो.

आता जिल्ह्याच्या बाजूची एक गोष्ट. गृहकर्जाची सगळी रचना पगारदाराला डोळ्यांसमोर ठेवून केलेली आहे: दर महिन्याला सारखे उत्पन्न, दर महिन्याला सारखा हप्ता. आपल्याकडे पैसा तसा येत नाही. कापसाचा पैसा दिवाळीनंतर येतो, मोसंबीचा बहार धरेल तसा, आडतीवरच्या दुकानदाराचा हंगामात, कारखान्यातला बोनस वर्षातून एकदा. आलेला पैसा लग्नकार्यात, गाडीत किंवा ठेवीत जातो. तोच थोडा कर्जात टाकला तर काय होते ते पाहा. वरच्या २५ लाखांच्या कर्जात हप्त्याशिवाय दर वर्षाच्या शेवटी ५० हजार भरत गेले, तर वीस वर्षांचे कर्ज चौदा वर्षांत संपते आणि सव्वानऊ लाख वाचतात. जितके लवकर तितका फायदा मोठा. पहिल्या वर्षाअखेर भरलेला एक लाख एकवीस हप्ते वाचवतो. पंधराव्या वर्षी भरलेला तोच लाख सातसुद्धा पुरे वाचवत नाही. बदलत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर बँका मुदतपूर्व फेडीचा दंड आकारू शकत नाहीत. ही बंदी २०१२ पासून आहे. पैसे भरताना ‘हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा’ असे लेखी द्यावे. तसे सांगितले नाही तर कुठे हप्ता कमी होतो आणि बचतीचा मोठा भाग हातचा जातो. अडीअडचणीला चार-सहा महिन्यांचा खर्च बाजूला ठेवूनच हे करायचे, विशेषतः ज्यांचे पोट पावसावर आहे त्यांनी.

पंतप्रधान आवास योजनेच्या (शहरी) २०२४ मध्ये सुरू झालेल्या दुसऱ्या टप्प्यातही व्याजात मदत आहे: वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घर ३५ लाखांपर्यंत आणि कर्ज २५ लाखांपर्यंत असेल तर पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के, जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, पाच वार्षिक हप्त्यांत. ही रक्कम खात्यात आली की तीही मुदत कमी करण्यासाठीच वापरावी. आयकरातली सवलत मात्र गृहीत धरू नये. स्वतः राहत्या घराच्या व्याजाची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीतच मिळते, नव्या पद्धतीत नाही. आणि आपण काही निवडले नाही तर नवीच लागू होते.

शेवटचा हप्ता भरल्यावरही दोन कामे उरतात. घराची मूळ कागदपत्रे बँकेने ३० दिवसांत परत करायची असतात. १ डिसेंबर २०२३ पासून, उशीर तिच्यामुळे झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. दुसरे काम आपले आहे. बँकेचे बेबाकी पत्र घेऊन, सातबाऱ्याच्या इतर हक्कात किंवा मिळकत पत्रिकेवर चढवलेला बोजा तलाठ्याकडे किंवा भूमी अभिलेख कार्यालयात अर्ज करून कमी करून घ्यायचा, आणि नवा उतारा हातात आल्याशिवाय ती फाइल कपाटात ठेवायची नाही.