वाळवंटातील पोलाद : आधी जागेचे माप, मग लोखंडाचे

ग्रील, गेट आणि शेड यांपलीकडे लोखंडाच्या कामाला वाव नाही, असे आपल्याकडील बरेच कारागीर मानतात. कतारच्या वाळवंटात उभे असलेले एक काम हा समज दूर करणारे आहे.

राजधानी दोहापासून सुमारे ६० किलोमीटरवर, झकरीतच्या ओसाड भागात, पोलादाच्या चार प्रचंड प्लेटा एका रांगेत उभ्या आहेत. पहिल्या प्लेटपासून शेवटच्या प्लेटपर्यंतचे अंतर एक किलोमीटरहून अधिक आहे. ‘ईस्ट-वेस्ट/वेस्ट-ईस्ट’ नावाचे हे शिल्प कतारच्या संग्रहालय खात्याने अमेरिकन शिल्पकार रिचर्ड सेरा यांच्याकडून २०१४ मध्ये उभारून घेतले. सेरा (१९३८-२०२४) यांचे वडील जहाज कारखान्यात पाइप फिटर होते. स्वतः सेरा यांनीही शिक्षणाचा खर्च भागविण्यासाठी पोलाद कारखान्यांत काम केले होते.

या कामातील खरे कसब मोजमापात आहे. प्लेटांची उंची सारखी नाही, काही १४.७ मीटर, तर काही १६.७ मीटर आहेत. कारण तेथील जमीन उंचसखल आहे. तरीही सर्व प्लेटांची वरची कड एकाच पातळीत येते आणि दोन्ही बाजूंच्या जिप्समच्या पठारांशी जुळते. आधी जमिनीची मोजणी झाली, त्यानंतरच प्लेटांची उंची ठरली.

दुसरी गोष्ट गंजाची. या प्लेटांना रंग दिलेला नाही. तांबे, क्रोमियम यांचा अल्प अंश असलेल्या या जातीच्या पोलादावर गंजाचा घट्ट थर बसतो आणि तोच आतील धातूचे रक्षण करतो. राखाडी प्लेटा हळूहळू तांबूस-तपकिरी होत जातात. मात्र हा थर बसण्यासाठी पोलाद ओले होऊन पुन्हा सुकावे लागते. खाऱ्या दमट हवेत तो नीट बसत नाही. म्हणून कोकण किनाऱ्यावर असा माल वापरण्यापूर्वी शंभरदा विचार करावा.

आपल्या कारागीर बंधूंनी यातून घेण्यासारखे बरेच आहे. गिऱ्हाइकाने तोंडी सांगितलेल्या मापावर माल कापला की जागेवर तुकडे जोडावे लागतात आणि नफा तेथेच संपतो. ओळंबा व लेव्हल ट्यूब घेऊन आधी जागेवर जावे. काम जिन्याचे असो की वाळवंटातील शिल्पाचे, हा नियम बदलत नाही.