बशीतील मोड

बेळगावच्या उपाहारगृहात बडीशेपेच्या बशीतून बिल येते, आणि उरलेली मोड उचलावी की ठेवावी या विचाराने आम्ही गृहस्थ मंडळी क्षणभर अडखळतो. शेजारच्या मेजावरील पाहुणे काय करतात, हेही हळूच पाहून घेतो!

'बक्षिसी' हा शब्द मूळ फारसी. आमच्या कानडी शेजाऱ्यांच्या तोंडीही तो 'भक्षीसु' होऊन नांदतो. मात्र त्र्यंबक नारायण आत्रे यांच्या 'गावगाडा' (१९१५) या ग्रंथातले बलुते ही बक्षिसी नव्हे. सुगीत धान्य मिळणे हा सुताराचा, परटाचा हक्क होता. कानडी मुलखात अशा गावकामगारांना आयगार म्हणत. अर्थात त्या हक्कामागे जातीची उतरंडही होती.

दिवाळीची पोस्त याहून निराळी. ती वर्षभराच्या सेवेची आठवण. काम होण्याआधी कचेरीत सरकवली जाते ती चिरीमिरी. तिला पोस्त म्हणून कोणी गौरवू नये.

केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ४ जुलै २०२२ रोजी बिलात परस्पर सेवाशुल्क लावण्यास मनाई केली आणि २८ मार्च २०२५ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने ती उचलून धरली. ग्राहक सुटला खरा. पण मोबाइलवरून बिल भागवताना बशीत मोडच उरत नाही. मग वाढप्याच्या हाती काय पडणार? आमच्या मते सुट्या नोटा खिशात बाळगाव्यात, आणि त्या बशीत न टाकता, "घ्या" म्हणून त्याच्याच हाती द्याव्यात.