अर्धसंवाहक उद्योग : अमेरिकेचा धडा

वाशिम जिल्ह्यातील आसेगावच्या शेतकऱ्याचा मोबाइल, ग्रामपंचायतीचा संगणक आणि मतदान यंत्र यांत एक घटक समान असतो. तो म्हणजे सिलिकॉनची नखाएवढी चिप. विजेचा प्रवाह गरजेनुसार वाहू देणाऱ्या वा रोखणाऱ्या अशा पदार्थास अर्धसंवाहक म्हणतात.

या उद्योगाचा पाया अमेरिकेत घातला गेला. १९४७ मध्ये बेल प्रयोगशाळेत ट्रान्झिस्टर सिद्ध झाला, तर १९५८ मध्ये जॅक किल्बी यांनी एकात्मिक परिपथ तयार केला. पुढे खर्च वाचविण्यासाठी चिपचा आराखडा अमेरिकेत आणि उत्पादन मुख्यत्वे पूर्व आशियात, अशी विभागणी झाली. जागतिक विक्रीपैकी जवळपास निम्मी विक्री अमेरिकी कंपन्यांची राहिली. परंतु उत्पादनक्षमतेतील त्या देशाचा वाटा १९९० मधील सुमारे ३७ टक्क्यांवरून २०२० पर्यंत १२ टक्क्यांवर घसरला.

२०२१ मध्ये चिपच्या तुटवड्यामुळे अनेक देशांतील मोटारींचे कारखाने थांबले, तेव्हा या परावलंबनाची किंमत उमगली. २०२२ मध्ये अमेरिकेने कायद्याद्वारे सुमारे ५२ अब्ज डॉलरची तरतूद केली, तसेच चीनला होणाऱ्या प्रगत चिपच्या निर्यातीवर निर्बंध घातले. भारतानेही डिसेंबर २०२१ मध्ये ७६,००० कोटी रुपयांच्या योजनेस मंजुरी दिली होती.

वऱ्हाडला हा धडा अपरिचित नाही. एकेकाळी येथील कापूस इंग्लंडला जाई आणि कापड होऊन परत येई. वऱ्हाडने कापूस दिला, अमेरिकेने कल्पना दिली. कारखाना मात्र दोघांच्याही दारी राहिला नाही.