एन्केनोपा बाइनोटाटा : नाम एक, जाती अनेक

उत्तर अमेरिकेच्या पूर्व भागात झाडाझुडपांच्या फांद्यांवर जेमतेम अर्धा सेंटिमीटर लांबीचा एक तपकिरी कीटक आढळतो. त्याच्या छातीवरील कवच पुढे शिंगाप्रमाणे वाढलेले असल्याने फांदीवर बसलेला तो काट्यासारखा भासतो. टॉमस से याने १८२४ साली त्याचे वर्णन केले. 'बाइनोटाटा' म्हणजे दोन खुणांचा. पाठीवरील दोन पिवळ्या ठिपक्यांना ते विशेषण शोभते.

परंतु या एका नावाखाली एकच जाती नांदते काय? टॉमस वुड यांच्या १९८० च्या सुमारच्या संशोधनाने या प्रश्नास चालना दिली. काळ्या अक्रोडावरील, रेडबडवरील, तसेच आपल्याकडील मालकांगोणीच्या सजातीय वेलीवरील कीटक दिसावयास सारखे. तथापि प्रत्येक समूह आपल्याच वनस्पतीशी निष्ठावंत असतो. मादी फांदीत अंडी घालून ती पांढऱ्या फेसाळ द्रव्याने झाकते. हिवाळा सरून फांदीत रस चढू लागला की अंड्यांची वाढ पुढे सरकते. हा रस सर्व वनस्पतींत एकाच वेळी चढत नाही. साहजिकच पिल्ले निघण्याचा व पुढे समागमाचा काळही वेगवेगळा पडतो. डोंगर वा नदी आड न येता शेजारी शेजाऱ्यास दुरावतो.

दुरावा दृढ करणारे दुसरे कारण संकेताचे आहे. नर आपल्या शरीराच्या कंपनाने फांदीतून संदेश धाडतो : आधी एक लांबलेला स्वर, मागून काही तुटक ठोके. तो हवेतून नव्हे, देठातून प्रवास करतो. मनुष्याला तो ऐकण्यासाठी उपकरण लागते. अनुकूल मादी कंपनानेच उत्तर देते आणि त्या सवालजवाबाच्या आधारे नर तिला शोधून काढतो. रेजिनाल्ड कॉकरॉफ्ट, राफाएल रोड्रिगेझ आदींनी दाखविले की, संकेताची ठेवण समान असली तरी स्वराची कंपनसंख्या समूहागणिक बदलते, आणि मादी बहुधा स्वसमूहाच्या कंपनसंख्येजवळील स्वरालाच प्रतिसाद देते.

यास 'बोलीभेद' म्हणण्याचा मोह होतो. तो आवरलेला बरा. बोली मनुष्य समाजातून शिकतो, येथे आनुवंशिकतेचा वाटा मोठा आहे. मात्र २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगांत एकाकी व समूहात वाढविलेल्या कीटकांच्या संकेतव्यवहारात फरक आढळला, तेव्हा संगतीचा प्रभाव अगदीच नाकारता येत नाही. जातीची सीमा रूपावरून आखावी की परस्परांच्या ओळखीवरून, हा वाद येथे प्रत्यक्ष कामाचा ठरतो : यांपैकी अनेक समूहांना अद्याप स्वतंत्र शास्त्रीय नाव नाही, त्यांचा उल्लेख केवळ त्यांच्या वनस्पतीच्या नावाने होतो.